'इनेफेबल' आणि 'अनिर्वचनीय' : एका नकारार्थी विशेषणाचा अर्थविचार

तौलनिक साहित्याभ्यासात काही विधाने इतक्या वेळा केली जातात की, ती तपासण्याची गरजच कोणाला वाटत नाही. 'पूर्व आणि पश्चिम या दोन्ही परंपरांनी परमोच्च अनुभव शब्दातीत मानला आहे' हे त्यांपैकी एक. इंग्रजीत हे विधान करताना 'इनेफेबल' हे विशेषण योजले जाते. मराठीत, हिंदीत आणि बंगालीतही त्याच्या जागी 'अनिर्वचनीय' हा शब्द सहजपणे येतो. दोन्ही शब्द नकारार्थी आहेत, दोन्ही भारदस्त आहेत आणि दोन्हींना धर्मचिंतनाची पार्श्वभूमी आहे. त्यामुळे हे समीकरण जुळल्यासारखे वाटते. परंतु दोन्ही शब्दांचा इतिहास पाहिला, तर त्यांतील नकार एकाच गोष्टीला दिलेला नाही, असे आढळते. प्रस्तुत लेखात 'इनेफेबल' या तुलनेने विरळ वापरल्या जाणाऱ्या विशेषणाची घडण, त्याच्या अर्थच्छटा आणि त्याला समांतर मानल्या जाणाऱ्या भारतीय संज्ञा यांचा विचार केला आहे. हा प्रश्न केवळ अनुवादाच्या सोयीचा नाही. तुलना ज्या पायावर उभी करायची, तो पायाच या शब्दाने घडवला आहे.

१. घडण

'इनेफेबल' हा शब्द चौदाव्या शतकाच्या अखेरीस फ्रेंचमार्गे इंग्रजीत आला. त्याचे मूळ लॅटिन 'इनेफाबिलिस' हे होय. 'फारी' म्हणजे बोलणे. त्याला 'बाहेर' या अर्थाचा उपसर्ग लागून 'एफारी' म्हणजे उच्चारणे हा धातू सिद्ध होतो. त्यावर शक्यतादर्शक प्रत्यय आणि आरंभी नकार. या 'फारी'चे कूळ मोठे आहे. इंग्रजीतील कीर्तिवाचक 'फेम', कथावाचक 'फेबल', दैववाचक 'फेट' हे शब्द याच मुळातले आहेत. ज्याला अजून बोलता येत नाही तो 'इन्फन्ट', म्हणजे तान्हे मूल, हाही याच कुळातला आणखी एक नकारार्थी शब्द. संस्कृत 'भण्' धातूचे या कुळाशी नाते सामान्यतः सांगितले जाते. आणि प्राकृत 'भणइ'वरून मराठी 'म्हणणे' आले. तेव्हा 'इनेफेबल' म्हणजे, मुळाच्या जवळ जाऊन सांगायचे तर, 'म्हणता न येणारे'.

'एफारी' या क्रियापदाला लॅटिनमध्ये नुसत्या बोलण्याहून अधिक वजन होते. शकुन पाहणारे रोमन पुरोहित ठरावीक शब्द उच्चारून एखाद्या पवित्र जागेची सीमा निश्चित करीत. त्या कृतीला हेच क्रियापद वापरले जाई, हे वारोच्या लॅटिन भाषेवरील ग्रंथातून कळते. म्हणजे विधिपूर्वक, अधिकाराने उच्चारणे हा अर्थ त्यात आरंभापासूनच होता. कोण बोलतो आणि कोणत्या अधिकाराने बोलतो, हा प्रश्न या शब्दाला पुढे चिकटून राहिला, त्याचे बीज येथे आहे.

या विशेषणाचा होकारार्थी जोडीदार 'इफेबल' हा इंग्रजी शब्दकोशांत आढळतो, परंतु व्यवहारात जवळजवळ नाही. टी. एस. एलियटने मांजरांवरच्या आपल्या विनोदी कवितांत (१९३९) या दोन्ही रूपांची मोडतोड करून एक गमतीदार शब्द बनवला. होकारार्थी रूप कानाला अनोळखी वाटते, यावरच ती गंमत अवलंबून आहे. मराठीतही 'वर्णनीय' आणि 'अवर्णनीय' अशी जोडी चालते, परंतु 'निर्वचनीय' असे कोणी म्हणत नाही. ज्या नकारार्थी शब्दाचा होकार भाषेतून लुप्त होतो, त्यातील नकार हळूहळू जाणवेनासा होतो. तो शब्द मग एखादी गोष्ट नाकारत नाही. जणू एका स्वतंत्र गुणाचे नाव होऊन बसतो. 'इनेफेबल'च्या बाबतीत हेच घडले आहे.

२. इंग्रजीतील अर्थच्छटा

लॅटिनमधील एक जुना प्रयोग या चर्चेत मार्गदर्शक ठरावा. थोरल्या प्लिनीने इसवी सनाच्या पहिल्या शतकात लिहिलेल्या 'नैसर्गिक इतिहासा'च्या पाचव्या खंडाच्या आरंभी आफ्रिकेतील लोकसमूहांची आणि नगरांची नावे 'इनेफाबिलिस' असल्याचे म्हटले आहे. त्याचा आशय असा की, ती नावे तेथील लोकांच्या स्वतःच्या भाषांखेरीज इतर कोणत्याही भाषेत उच्चारता येण्याजोगी नाहीत. येथे गूढतेचा लवलेशही नाही. रोमन जिभेला ती नावे पेलत नाहीत, एवढेच प्लिनीला म्हणायचे आहे. आणि ती पेलणाऱ्या जिभा आहेत, हेही तो त्याच वाक्यात मान्य करतो. अवाच्यता ही वस्तूची नसून एका विशिष्ट भाषेच्या संदर्भातली असते, ही जाणीव या प्रयोगात आहे. पुढील शतकांत शब्दाने उंची गाठली, तेव्हा हा संदर्भ गळून पडला.

ख्रिस्ती लॅटिनमध्ये हे विशेषण ईश्वराला लागले आणि इंग्रजीत ते मुख्यतः त्याच अर्थाने आले : जे इतके थोर आहे की, त्यापुढे शब्द अपुरे पडतात. मिल्टनने 'पॅराडाइज लॉस्ट'च्या (१६६७) पाचव्या सर्गात ईश्वरपुत्राच्या तेजासाठी ते योजले आहे. हा पहिला अर्थ : असमर्थता.

दुसरा अर्थ निषेधाचा. ज्यू परंपरेतील ईश्वराचे चार अक्षरी नाव वाचनात उच्चारले जात नाही. त्याच्या जागी 'प्रभू' या अर्थाचा 'अदोनाय' हा शब्द वाचला जातो. इंग्रजीत त्या नावाला 'इनेफेबल' म्हणण्याचा प्रघात आहे. परंतु ते नाव उच्चारण्यास अशक्य होते, असे नाही. मंदिर उभे होते त्या काळी प्रायश्चित्ताच्या दिवशी मुख्य पुरोहित ते उच्चारीत असे, असे परंपरा सांगते. म्हणजे ठरावीक व्यक्तीने, ठरावीक दिवशी, ठरावीक जागी ते म्हणावयाचे आणि एरवी म्हणावयाचे नाही. महाराष्ट्रात पत्नीने पतीचे नाव घेऊ नये, पण लग्नकार्यात उखाण्यातून मात्र ते घ्यावेच, या रूढीची घडण याच जातीची आहे. येथे भाषा दुबळी पडलेली नाही; नियमाने तिला आवरले आहे.

तिसरा अर्थ केवळ अतिशयतेचा. कंटाळा, मूर्खपणा, आत्मसंतुष्टता यांनाही इंग्रजी लेखक हे विशेषण उपरोधाने लावतात. तेव्हा त्याचा अर्थ 'पराकोटीचा' याहून अधिक नसतो. एकोणिसाव्या शतकात तर सभ्य समाजात ज्याचे नाव घेणे अप्रशस्त मानले जाई त्या विजारीला विनोदाने याच शब्दाचे अनेकवचन लावले जाई. 'इनएक्स्प्रेसिबल' आणि 'अनमेन्शनेबल' यांची अनेकवचनेही याच कामी येत. देवाचे नाव आणि विजार या दोहोंना एकच शब्द लागू शकला, कारण दोन्हीकडे 'उच्चारू नये' हा निषेधाचा धागा समान होता. विसाव्या शतकात गणितज्ञांनी संचसिद्धान्तातील काही अतिविशाल अनंत संख्यांना 'इनेफेबल' हे नाव दिले. त्या संख्यांची व्याख्या मात्र काटेकोरपणे करता येते. शब्द गुणवाचक नाव होऊन बसतो, तो असा.

समानार्थी शब्दांशी तुलना केल्यास ही विभागणी अधिक स्पष्ट होते. 'अनस्पीकेबल' हा शब्द १६११ च्या इंग्रजी बायबलमध्ये ईश्वरी देणगीसाठी, पौलाने स्वर्गात ऐकलेल्या वचनांसाठी आणि श्रद्धावंतांच्या आनंदासाठी, अशा तीन ठिकाणी येतो. मूळ ग्रीकमध्ये या तीन ठिकाणी तीन वेगळे शब्द आहेत. पहिल्याचा रोख साद्यंत सांगून न संपणाऱ्या गोष्टीकडे आहे, तर तिसऱ्याचा रोख बोलून बाहेर न पडणाऱ्या आनंदाकडे आहे. दुसऱ्या ठिकाणी 'आर्रेतोस' हा शब्द आहे. तेथे ती वचने उच्चारण्याची माणसाला मुभा नाही, असा खुलासाही लगेच येतो. 'आर्रेतोस' हाच शब्द ग्रीक लोक गुप्त धर्मविधींसाठी वापरीत आणि गणितात अपरिमेय राशींसाठीही. इंग्रजी अनुवादाने या तीन वेगळ्या नकारांना एकच शब्द दिला. पुढे 'अनस्पीकेबल'चा उतार झाला. मिल्टनच्या काळापर्यंत तो ईश्वराला लावता येत होता. आज तो बहुधा क्रौर्याला, घाणीला आणि अत्याचाराला लागतो. 'इनेफेबल' मात्र उंचावरच राहिला. एकाच आशयाच्या दोन शब्दांनी वर आणि खाली अशी वाटणी करून घेतली.

मराठीत नेमकी अशीच वाटणी दिसते. 'अवर्णनीय', 'शब्दातीत', 'अनिर्वचनीय' हे शब्द सौंदर्याला आणि आनंदाला लागतात. 'अवाच्य' मात्र शिव्यांना. लोकव्यवहारात त्याचे 'अर्वाच्य' असे रूप झाले आणि वृत्तपत्रांनी ते रूढ केले, त्यामुळे त्यातील 'वाच्य'ही आता ओळखू येत नाही. याची मुळे व्याकरणात आहेत. 'तव्य', 'अनीय', 'य' हे संस्कृतातील कृत्य प्रत्यय शक्यता आणि योग्यता असे दोन्ही अर्थ देतात. पाणिनीने 'अष्टाध्यायी'च्या तिसऱ्या अध्यायाच्या तिसऱ्या पादात या दोहोंची नोंद केली आहे. म्हणून 'अवाच्य' म्हणजे बोलता न येणारे, आणि 'अवाच्य' म्हणजे बोलू नये असेही. इंग्रजीतील शक्यतादर्शक प्रत्ययाची द्व्यर्थता आणि संस्कृतातील कृत्य प्रत्ययांची द्व्यर्थता येथे समांतर चालतात. तुलनेसाठी हा धागा खरा आहे. मात्र तो 'अनिर्वचनीय' या शब्दापाशी तुटतो.

३. 'अनिर्वचनीय' कशाला म्हणतात

'निर्वचन' म्हणजे उच्चार नव्हे. यास्काच्या 'निरुक्ता'त निर्वचन म्हणजे शब्दाची फोड करून त्याचा अर्थ उलगडणे. व्यापक अर्थाने ते निश्चित स्वरूपात सांगणे, निर्णय देणे होय. तेव्हा 'अनिर्वचनीय' म्हणजे 'म्हणता न येणारे' नसून 'अमुक एक म्हणून ठरवता न येणारे'. अद्वैत वेदान्तात ही संज्ञा पारिभाषिक झाली. शंकराचार्यांच्या ब्रह्मसूत्रभाष्यात नामरूपाला ती लावलेली आहे : नामरूप ब्रह्मच आहे असे सांगता येत नाही आणि ब्रह्माहून वेगळे आहे असेही सांगता येत नाही. उत्तरकालीन अद्वैत्यांनी ती माया आणि भ्रम यांच्या विवेचनात स्थिर केली. शिंपल्यावर दिसणारे रुपे सत् नव्हे, कारण नंतर त्याचा बाध होतो. असत् नव्हे, कारण ते प्रत्यक्ष दिसले होते. म्हणून ते सदसद्विलक्षण, अर्थात अनिर्वचनीय. रामानुजाचार्यांनी 'श्रीभाष्या'त अविद्येच्या कल्पनेवर जे सात आक्षेप घेतले, त्यांतील एक याच अनिर्वचनीयतेवर आहे.

येथे एक मोठा उलटफेर लक्षात यावा. ख्रिस्ती चिंतनात 'इनेफेबल' हा ईश्वराचा गौरव आहे; अद्वैताच्या परिभाषेत 'अनिर्वचनीय' ही मायेची उणीव आहे. अद्वैताच्या पारिभाषिक चौकटीत ब्रह्म या अर्थाने अनिर्वचनीय नाही. ते सत् आहे, असे निश्चयाने सांगितले आहे. ब्रह्मापासून वाणी परत फिरते, असे तैत्तिरीय उपनिषद सांगते. पण तो वेगळा मुद्दा आहे आणि त्याची संज्ञाही वेगळी आहे. भाविक परंपरेत 'अनिर्वचनीय' उंचावर गेला, हे खरे. नारदाच्या भक्तिसूत्रांत प्रेमाच्या स्वरूपाला तो लावला आहे आणि पुढेच मुक्याच्या रसास्वादाची उपमा दिली आहे. हिंदीत गुंग्याचा गूळ, मराठीत मुक्याने खाल्लेली साखर ही त्याच उपमेची रूपे होत. परंतु या उपमेतही गोडी अज्ञेय नाही; ती मुक्याला पुरती कळली आहे. उणीव फक्त सांगणाऱ्याच्या साधनात आहे.

आधुनिक भारतीय भाषांत साहित्यविचाराच्या संदर्भात हा शब्द याच दुसऱ्या वाटेने आला. रवींद्रनाथ ठाकुरांनी 'साहित्य' (१९०७) या संग्रहातील 'साहित्येर तात्पर्य' या निबंधात साहित्याच्या अनिर्वचनीयतेविषयी लिहिले, तेव्हा भाषेच्या पलीकडचे भाषेतच प्रतिष्ठित करण्यासाठी साहित्य चित्र आणि संगीत यांचा आश्रय घेते, असे प्रतिपादन केले. येथे माया नाही, सदसद्विलक्षणताही नाही. हा शब्द वेदान्तातून आलेला दिसत असला, तरी त्याचा आशय भक्तीच्या आणि काव्यास्वादाच्या वाटेने आलेला आहे.

४. न बोलण्याची निरनिराळी कारणे

'अनिर्वचनीय' हा एकटा शब्द नाही. त्याच्या शेजारी भारतीय दर्शनांनी आणखी काही संज्ञा घडवल्या. प्रत्येकीत न बोलण्याचे कारण निराळे आहे.

जैनांच्या सप्तभंगीत 'अवक्तव्य' हा एक भंग आहे. वस्तू एका अपेक्षेने आहे आणि दुसऱ्या अपेक्षेने नाही, असे क्रमाने सांगता येते. पण दोन्ही एकाच वेळी प्राधान्याने सांगणारा एक शब्द नाही, म्हणून त्या अपेक्षेने ती अवक्तव्य. येथे अडचण वस्तूच्या थोरवीची नाही, भाषेच्या क्रमिकतेची आहे : शब्द एकामागून एक येतात. शिवाय ही अवक्तव्यता स्वतः 'स्यात्'च्या मर्यादेत आहे; ती निरपेक्ष नाही.

बौद्धांच्या 'अव्याकृत' प्रश्नांचे कारण त्याहून वेगळे. जग शाश्वत आहे की अशाश्वत, तथागत मृत्यूनंतर असतो की नसतो, यांसारख्या प्रश्नांना बुद्धाने उत्तर दिले नाही. विषारी बाण लागलेल्या माणसाने बाण कोणी मारला याची चौकशी करीत बसू नये, या प्रसिद्ध दृष्टान्ताचा रोख उपयुक्ततेवर आहे. न बोलणे हा येथे उपदेशाचा भाग आहे.

ज्ञानदेवांच्या 'अमृतानुभवा'त आणखी एक कारण सापडते. पाचव्या प्रकरणात सत्, चित्, आनंद ही पदे असत्, जड आणि दुःख यांची व्यावृत्ती करण्यापुरतीच आहेत, असे विवेचन येते. शब्दखंडनाच्या सहाव्या प्रकरणात आधी शब्दाची स्तुती आहे : तो विसरलेल्याची आठवण करून देणारा आहे, अरूपाला दाखवणारा आरसा आहे. आणि मग प्रश्न येतो की, जे स्वयंसिद्ध आहे, ज्याला आठवणे-विसरणे लागूच नाही, तेथे आठवण देणाऱ्याचे काम काय? शब्द तेथे थकून परतत नाही. त्याला तेथे काम उरत नाही. 'शब्द अपुरे पडतात' या ओळखीच्या विधानाहून हे म्हणणे पूर्णतः भिन्न आहे. 'अमृतानुभवा'तील या विचाराला इंग्रजीत 'इनेफेबल' म्हटले की, शब्दाच्या असमर्थतेची कल्पना त्यावर लादली जाते आणि ज्ञानदेवांच्या युक्तिवादातील मर्मच हरवते.

म्हणजे नियमाचा निषेध, भाषेची क्रमिकता, अनुपयुक्तता, स्वरूपाचा अनिश्चय, बोलणाऱ्याच्या साधनाची उणीव आणि शब्दाला काम नसणे, अशी किमान सहा कारणे येथे वेगळी करता येतात. इंग्रजी अनुवादांत यांतील बहुतेकांच्या जागी 'इनेफेबल' किंवा 'इनएक्स्प्रेसिबल' यांपैकी एक शब्द येऊ शकतो, आणि उलट दिशेने मराठीत येताना सर्वांचे 'अनिर्वचनीय' होऊ शकते.

५. एक कूट आणि तीन उत्तरे

एखाद्या गोष्टीला 'अवाच्य' म्हटले की तिच्याविषयी काही तरी बोललेच गेले, हे कूट तीन मोठ्या विचारवंतांनी स्वतंत्रपणे मांडले आहे. त्यांची उत्तरे शेजारी ठेवून पाहणे उपयुक्त ठरते.

संत ऑगस्टिनने 'ख्रिस्ती शिकवणीविषयी' या लॅटिन ग्रंथाच्या पहिल्या भागात म्हटले की, ईश्वराला 'इनेफाबिलिस' म्हणणेही योग्य नाही, कारण तसे म्हणताच काही उच्चारले जाते. हा शब्दांचा झगडा बोलून मिटवण्यापेक्षा मौनाने टाळावा, असे तो सुचवतो. तथापि मानवी वाणीची स्तुती ईश्वराने स्वीकारली आहे, असेही सांगतो. त्याचे उत्तर उपासनेचे आहे.

भर्तृहरीने 'वाक्यपदीया'च्या तिसऱ्या कांडात, संबंधाच्या विवेचनात, हेच कूट व्याकरणाच्या अंगाने मांडले : 'अवाच्य' या शब्दाने जे सांगितले, ते त्या शब्दाचे वाच्यच ठरते. त्याचा रोख ईश्वराकडे नाही. शब्द आणि अर्थ यांच्या नात्याला स्वतंत्र वस्तू म्हणून नाव देता येते का, हा त्याचा प्रश्न आहे. त्याचे उत्तर भाषेच्या विश्लेषणाचे आहे.

आनंदवर्धनाचे उत्तर साहित्याभ्यासकाला सर्वांत जवळचे वाटावे. नवव्या शतकातील 'ध्वन्यालोका'च्या पहिल्याच कारिकेत ध्वनीविषयीची जी मते नोंदवली आहेत, त्यांत ध्वनीचे तत्त्व वाणीच्या कक्षेबाहेर मानणारे एक मत आहे. तिसऱ्या उद्द्योताच्या अखेरीस तो एका संबंधित मताचा परामर्श घेतो. रत्नाचा अस्सलपणा जसा फक्त जाणकाराला कळतो आणि सांगता येत नाही, तसे काही शब्दार्थांचे सौंदर्य अनाख्येय असते आणि तोच ध्वनी, असे ते मत. आनंदवर्धन हे नाकारतो. कोणत्याही शब्दाने सांगता येत नाही असे काहीच संभवत नाही; शेवटी 'अनाख्येय' या शब्दाने तरी ते सांगितले जातेच. रत्न पारखणारे जाणकार असतात, तसे काव्याचे सहृदय असतात. परंतु मोजक्यांनाच कळणे म्हणजे कोणालाच सांगता न येणे नव्हे. ऑगस्टिनला जे कूट मौनाकडे नेते, तेच आनंदवर्धनाला लक्षण बांधण्याकडे, म्हणजे शास्त्राकडे नेते.

या फरकाला मीमांसक आणि वैयाकरण यांच्या परिभाषेत नाव आहे. नकार दोन प्रकारचा : पर्युदास, म्हणजे वगळून दुसरे काही दाखवणारा, आणि प्रसज्यप्रतिषेध, म्हणजे केवळ नाकारणारा. समासातील नकार बहुधा पर्युदास असतो. सूर्यही न पाहणारी 'असूर्यंपश्या' यासारखी उदाहरणे अपवादात्मक. 'इनेफेबल'सारखे विशेषण वाचकाला पर्युदासासारखे भासते : ते वस्तूला 'इनेफेबलपणा' नावाचा एक गुण देते. गूढवाद्याला मात्र पुष्कळदा केवळ नाकारायचे असते. ऑगस्टिनने दाखवलेली कोंडी याच सांध्यात निर्माण होते.

६. तुलनेपुढील प्रश्न

विल्यम जेम्सने १९०२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या धार्मिक अनुभवांवरील व्याख्यानांत गूढानुभवाची चार लक्षणे सांगितली आणि त्यांत अकथनीयतेला पहिले स्थान दिले. ते लक्षण नकारात्मक आहे, हे त्याने स्वतःच नमूद केले. संगीताचा कान नसलेल्याला संगीतरचनेचे मोल सांगता येत नाही, तसा हा अनुभव दुसऱ्याला देता येत नाही, असे त्याचे म्हणणे. म्हणजे त्याच्या मनातला अर्थ मुक्याच्या साखरेहून फारसा दूर नाही. पुढे मात्र हे लक्षण निरनिराळ्या परंपरांतील अनुभव एकच आहेत, याचा पुरावा म्हणून वापरले जाऊ लागले. १९७८ मध्ये स्टीव्हन कॅट्झने या पद्धतीवर मूलगामी आक्षेप घेतला. दोन अनुभव सांगता येत नाहीत, एवढ्यावरून ते एक आहेत असे सिद्ध होत नाही. उलट, जे सांगताच येत नाही त्याची तुलना करण्यासाठी हाती काहीच उरत नाही. कॅट्झच्या इतर मतांविषयी वाद होऊ शकतो, पण हा मुद्दा तर्काचा आहे आणि तो टाळता येत नाही.

वर पाहिलेल्या संज्ञांचा विचार केल्यास यातून बाहेर पडण्याचा एक मार्ग दिसतो. 'काय सांगता येत नाही' याची तुलना अशक्य असली, तरी 'का सांगता येत नाही' याची तुलना शक्य आहे, कारण ती कारणे प्रत्येक परंपरेने तपशीलवार सांगितली आहेत. 'अवक्तव्य' आणि 'आर्रेतोस' यांची तुलना होऊ शकते. चार अक्षरी नाव आणि उखाणा यांचीही होऊ शकते. 'इनेफेबल' आणि 'अनिर्वचनीय' यांची सरसकट तुलना मात्र होऊ शकत नाही, कारण त्यांतील प्रत्येक शब्दाच्या पोटी अनेक कारणे एकत्र झाली आहेत.

अनुवादकासाठी यातून निघणारा निष्कर्ष साधा आहे. जेथे अर्थ असमर्थतेचा आहे, तेथे 'शब्दातीत' किंवा 'अवर्णनीय' पुरे. जेथे निषेध आहे, तेथे 'अनुच्चारणीय' म्हणावे किंवा 'उच्चारू नये असे' ही फोड करावी. जेथे केवळ अतिशयता आहे, तेथे 'पराकोटीचा' हाच प्रामाणिक पर्याय. 'अनिर्वचनीय' हा शब्द वेदान्ताच्या संदर्भात राखून ठेवावा. भक्ती आणि काव्यास्वाद यांच्या संदर्भात वापरायचाच, तर ती दुसरी परंपरा आहे याचे भान ठेवावे. विशेषण मोडून वाक्य करण्याचा मार्गही आहे. विट्गेन्स्टाइनच्या 'ट्रॅक्टेटस'च्या १९२२ च्या इंग्रजी अनुवादात एका जर्मन विशेषणनामासाठी 'इनएक्स्प्रेसिबल' हा शब्द घातला होता; १९६१ च्या नव्या अनुवादात त्या जागी 'शब्दांत मांडता येत नाहीत अशा गोष्टी' या आशयाची सरळ वाक्यरचना आली. त्यामुळे शब्दाचा भारदस्तपणा कमी झाला, पण नेमके काय नाकारले आहे, ते दिसू लागले.

समीक्षेच्या व्यवहारात तर ही दक्षता अधिक आवश्यक आहे. एखाद्या कवितेचा अनुभव 'अनिर्वचनीय' आहे, असे लिहून समीक्षक जेव्हा थांबतो, तेव्हा तो आनंदवर्धनाने खोडलेल्या त्या मताशीच येऊन पोहोचलेला असतो. तो अनुभव कोणाला, कोणत्या भाषेत आणि कोणत्या कारणाने सांगता येत नाही, हे त्याने पुढे लिहिले, तर 'इनेफेबल' असो वा 'अनिर्वचनीय', हे शब्द विवेचनाचा आरंभ म्हणून उपयोगी पडू शकतात. आफ्रिकेतील ती नावे तेथील लोकांना म्हणता येत होती, हे प्लिनीने नोंदवले होते. नकारार्थी विशेषण वापरणाऱ्या अभ्यासकाने आपल्या विधानाची मर्यादा तितक्याच स्पष्टपणे नोंदवणे अपेक्षित आहे.